कृष्णा-पंचगंगेचे खोरे : इतिहास, निसर्ग आणि आपण

संस्थेला पन्नास वर्षे पूर्ण होतात तेव्हा जुन्या वह्या उघडल्या जातात. कोणी जागा दिली, कोणी लाकूड दिले, कोणी दगड वाहून आणला, कोणी पहिल्या पंगतीचे धान्य पाठवले, या नोंदी आदराने वाचल्या जातात. तसे करणे उचितच आहे. परंतु आमच्या दक्षिण महाराष्ट्रातील कोणत्याही जैन संस्थेच्या वहीत सर्वांत मोठ्या दातीचे नाव सापडत नाही. देणगीदारांनी जे दिले ते ज्या जमिनीत पिकले, त्या जमिनीला ओलावा देणारी ती दाती म्हणजे आपली नदी. कृष्णा आणि तिला येऊन मिळणाऱ्या पंचगंगा, वारणा, दूधगंगा, वेदगंगा या नद्यांच्या खोऱ्यात आपला समाज शतकानुशतके नांदला. इतरत्र जैन म्हटले की लोकांच्या डोळ्यांसमोर पेढी येते. या खोऱ्यात मात्र नांगर धरणारा, मोट हाकणारा, उसाला पाणी पाजणारा जैन शेतकरी दिसतो. या खोऱ्याचा इतिहास हा म्हणूनच आपल्याही घरचा इतिहास आहे. सुवर्णमहोत्सवाच्या निमित्ताने त्याची काही पाने उलगडावीत, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

सह्याद्रीपासून संगमापर्यंत

कृष्णा महाबळेश्वराच्या डोंगरात उगम पावते. वाई, कराड, सांगली असा प्रवास करीत ती दक्षिण-पूर्वेकडे येते आणि पुढे कर्नाटक, तेलंगण, आंध्र प्रदेश ओलांडून सुमारे चौदाशे किलोमीटरांनंतर पूर्व समुद्राला मिळते. कराडला तिला कोयना भेटते, ब्रह्मनाळजवळ येरळा, हरिपूरला वारणा आणि नृसिंहवाडीला पंचगंगा.

पंचगंगेचे नावच तिची कहाणी सांगते. कासारी, कुंभी, तुळशी आणि भोगावती या चार नद्या सह्याद्रीच्या कुशीतून येतात. पाचवी सरस्वती गुप्त आहे अशी लोकांची श्रद्धा. कोल्हापूरजवळ प्रयाग चिखली येथे त्यांचा संगम होतो आणि तेथून पुढे ती पंचगंगा म्हणून ओळखली जाते. तिचा पुढचा प्रवास अवघा सुमारे ८० किलोमीटरांचा आहे. एवढ्या लहान अंतरात एक राजधानी, अनेक बाजारपेठा, वस्त्रोद्योगाचे शहर आणि शेकडो एकर बागायत तिने पोसली.

या खोऱ्याचे सौंदर्य पाहावयाचे तर पश्चिमेकडून पूर्वेकडे यावे. गगनबावडा आणि दाजीपूर या भागात पावसाळ्यात आकाश आणि डोंगर यांतील सीमारेषा पुसली जाते. दाट सदाहरित झाडी, कातळावरून उड्या घेणारे ओहोळ, धुक्यात उभा असलेला गव्यांचा कळप असे ते दृश्य. दाजीपूरच्या या जंगलाला १९५८ मध्ये अभयारण्याचा दर्जा मिळाला; पुढे राधानगरी अभयारण्याचा समावेश पश्चिम घाटाच्या जागतिक वारशात २०१२ मध्ये झाला. डोंगर उतरून पूर्वेस आले की भाताची खाचरे लागतात, नंतर उसाचे मळे, आणि शिरोळ-मिरजेकडे सरकल्यावर काळ्या, कसदार जमिनीचे सपाट विस्तीर्ण पट्टे. येथे नदीची चाल मंदावते. ती मोठमोठी वळणे घेते आणि वळणाच्या आतल्या अंगाला गाळाची मळी सोडून जाते. या मळीतील कृष्णाकाठच्या वांग्यांची चव सर्वांना ठाऊक आहे. काठावर करंज, उंबर, वाळुंज आणि बाभळी. पाण्यावर झेपावणारा खंड्या, वाळवंटावर ओरडणारी टिटवी, भिलवडी-सांगलीच्या पट्ट्यात उन्हाला पहुडलेली मगर. पहाटे घाटावर उभे राहिले की पाण्यावरून धुक्याची पातळ दुलई सरकताना दिसते आणि पलीकडच्या गावच्या मंदिराची घंटा पाण्यावरून अधिक स्पष्ट ऐकू येते.

काठावरची जुनी वस्ती

कोल्हापूर शहरात पंचगंगेच्या काठी ब्रह्मपुरी नावाची टेकडी आहे. डेक्कन कॉलेजच्या वतीने डॉ. ह. धी. सांकलिया आणि डॉ. मो. गं. दीक्षित यांनी १९४५-४६ मध्ये तेथे उत्खनन केले. सातवाहनकालीन विटांची घरे, भांडी, मणी, नाणी असा मोठा ठेवा त्यातून उजेडात आला. याच टेकडीवर पोसायडन या ग्रीक समुद्रदेवतेची कांस्यमूर्ती मिळाली होती. ती आज कोल्हापूरच्या टाऊन हॉल संग्रहालयात आहे. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी सागरापलीकडचा व्यापारी माल कोकणच्या बंदरांतून घाट चढून या नदीच्या काठापर्यंत येत होता, याचा हा बोलका पुरावा होय. समुद्राचा तो देव पंचगंगेच्या काठी सापडावा, हा योगायोगही मोठा मनोरम आहे.

नदीकाठी वस्ती का होते, याचे उत्तर सोपे आहे. पाणी, गाळाची जमीन आणि वाहतुकीची वाट ही तिन्ही एकाच ठिकाणी मिळतात. परंतु वस्तीचे रूपांतर संस्कृतीत होण्यासाठी आणखी एक गोष्ट लागते, ती म्हणजे मिळालेल्यातून काही परत देण्याची बुद्धी. या खोऱ्यात ती बुद्धी कशी नांदली, ते शिलाहारांच्या काळात स्पष्ट दिसते.

गंडसमुद्राच्या तीरावर

अकराव्या-बाराव्या शतकांत कोल्हापूरच्या शिलाहार घराण्याची सत्ता या खोऱ्यावर होती. पन्हाळा, वळिवडे, कोल्हापूर ही त्यांची ठाणी. या घराण्यातील गंडरादित्य हा राजा बाराव्या शतकाच्या पूर्वार्धात होऊन गेला. त्याच्या शके १०३२, म्हणजे इ. स. १११० च्या ताम्रपटात एक नोंद आहे, ती प्रत्येक जैन बांधवाने लक्षात ठेवावी अशी आहे. मिरिंज देशातील, म्हणजे मिरजेच्या प्रदेशातील, इरुकुडी गावी राजाने एक विशाल तलाव खोदविला. त्याला 'गंडसमुद्र' असे नाव दिले. त्या तलावाच्या तीरावर त्याने ईश्वर, बुद्ध आणि अर्हत् या तिन्हींची स्थापना केली आणि तिन्हींसाठी जमिनी तोडून दिल्या.

क्षणभर थांबून या नोंदीचा विचार करावा. राजाने आधी पाणी साठविले, मग त्या पाण्याच्या काठी देव बसविले. एकाच तलावाच्या तीरावर तीन धर्मांची देवालये उभी राहिली आणि त्यांतील प्रत्येकाला स्वतंत्र जमीन मिळाली. पाणी तिघांचे एकच होते. आज पाण्यावरून गावे भांडतात, तालुके भांडतात, राज्ये न्यायासनापुढे उभी राहतात. अशा वेळी नऊशे वर्षांपूर्वीची ही नोंद आपल्याला काही सांगू पाहते, असे वाटते.

गंडरादित्याचा महासामंत निंबदेव हा निस्सीम जिनभक्त होता. कोल्हापुरात त्याने रूपनारायण बसदी उभारली. 'रूपनारायण' हे राजाचेच बिरुद. या बसदीचे आचार्य माघनंदी सैद्धांतिक यांची कीर्ती श्रवणबेळगोळपर्यंत पोहोचली होती आणि त्यांच्या शिष्यपरंपरेने या साऱ्या प्रदेशात ज्ञानदानाचे कार्य केले. शके १०५८ च्या कोल्हापूर येथील शिलालेखात निंबदेवाने बाजारपेठेत उभारलेल्या पार्श्वनाथ मंदिराचा उल्लेख आहे. त्या मंदिरासाठी कोल्हापूर, मिरज आणि आसपासच्या पेठांतील व्यापारी संघांनी बाजारात येणाऱ्या मालावर ठरावीक हिस्सा लावून दिला. राजाने जमीन द्यावी आणि व्यापाऱ्याने आपल्या मालातील वाटा द्यावा, अशी ती व्यवस्था. आजच्या ट्रस्टचे बीज तेथे दिसते, असे म्हटले तर ती अतिशयोक्ती ठरू नये.

केवळ मंदिरेच उभी राहिली असे नाही. हिरण्यकेशीच्या काठच्या आजऱ्यात गंडरादित्याने बांधविलेल्या त्रिभुवनतिलक जिनालयात बसून सोमदेव या विद्वानाने शके ११२७, म्हणजे इ. स. १२०५ मध्ये 'शब्दार्णवचंद्रिका' हा व्याकरणग्रंथ पूर्ण केला. जैनेंद्र व्याकरणावरील ही टीका एका डोंगराळ गावातील जिनालयात लिहिली गेली, यावरून त्या काळच्या विद्याव्यासंगाची कल्पना यावी.

काठीने मोजून दिलेले दान

शिलाहारांचे जैन शिलालेख वाचताना एक गोष्ट वारंवार नजरेत भरते. दान नेहमी मोजून दिलेले आहे. राजा विजयादित्याच्या शके १०६५, म्हणजे इ. स. ११४३ च्या कोल्हापूर लेखात पार्श्वनाथ मंदिरासाठी दिलेल्या दानाची नोंद आहे. माघी पौर्णिमेला चंद्रग्रहणाच्या पर्वकाळी माघनंदींचे शिष्य माणिक्यनंदी यांना हे दान दिले गेले. त्यात कुंडी देशाच्या काठीने मोजलेली जमीन आहे आणि बारा हात लांबीचे घरही आहे. दानाचा हेतूही स्पष्ट लिहिलेला आहे : देवाची अष्टविध पूजा, मंदिराची डागडुजी आणि तेथे राहणाऱ्या मुनींचे आहारदान. कागलजवळच्या बामणी येथील शके १०७३ च्या लेखातही अशीच रीत दिसते. तेथील दान माघनंदींचे दुसरे शिष्य अर्हनंदी यांचे पाय धुऊन दिलेले आहे.

दानाची जमीन इतक्या काटेकोरपणे मोजण्याची गरज काय होती? एक कारण व्यवहाराचे : सीमा स्पष्ट असली की पुढे तंटा होत नाही. दुसरे कारण अधिक खोलवरचे आहे. जैन श्रावकाच्या व्रतांत परिग्रहपरिमाण आहे. आपल्याजवळ किती असावे याची मर्यादा आपणच घालून घ्यावी, असे ते व्रत सांगते. ज्याच्या मनात घेण्याला मर्यादा आहे, त्याचे देणेही मोजलेले असते. दान दिल्याची केवळ मोघम प्रौढी या लेखांत नाही. किती, कशासाठी, कोणाच्या हाती, हे सारे त्यात आहे. आपल्या पूर्वजांच्या हातातील ती मोजणीची काठी, या लेखाच्या शेवटी पुन्हा आठवावी लागणार आहे.

या विजयादित्याच्या लेखात 'आजिरगेखोल्ल' नावाच्या प्रदेशाचा उल्लेख येतो. आजिरगे म्हणजे आजरा. त्यातील 'खोल्ल' हा शब्द आपल्या 'खोल' आणि 'खोरे' या शब्दांच्याच कुळातील वाटतो. तसे असेल, तर राज्याचा विभागसुद्धा नदीच्या खोऱ्यावरून ओळखला जात होता असे म्हणावे लागेल.

खिद्रापूरचा उघडा कळस

शिलाहारकालीन शिल्पवैभवाचे दर्शन घ्यायचे तर शिरोळ तालुक्यातील खिद्रापूरला जावे. तिन्ही अंगांनी कृष्णेच्या वळणात आलेले हे गाव. येथील कोपेश्वर मंदिराचा स्वर्गमंडप सर्वश्रुत आहे. आतल्या वर्तुळातील बारा खांबांच्या मधोमध छत मुद्दाम उघडे ठेवलेले, सुमारे तेरा फूट व्यासाचे आकाश तेथून दिसते. खालच्या पट्ट्यात मंदिराला पाठीवर तोलून धरणारे हत्ती आहेत. तेराव्या शतकाच्या आरंभी यादवराजा सिंघणाने शिलाहारांची सत्ता संपविली. परंतु मंदिर त्याने उद्ध्वस्त केले नाही. उलट त्याने कोपेश्वराला गाव दान दिल्याचा शिलालेख तेथे आहे. राज्य बदलले, दान थांबले नाही.

कोपेश्वराच्या जवळच भगवान आदिनाथांची प्राचीन बस्ती आहे. आकाराने ती लहान, परंतु कोरीव कामात मोठ्या मंदिराची सख्खी बहीण शोभावी अशी. ज्या आदिनाथांनी असि, मसी, कृषी, विद्या, वाणिज्य आणि शिल्प या षट्कर्मांचा उपदेश मानवाला केला अशी आपली श्रद्धा आहे, त्यांची बस्ती अशा कसदार शेतीच्या मुलखात असावी हे किती सार्थ आहे! कृषी आणि शिल्प या दोन्ही कर्मांची साक्ष तेथे एकाच नजरेत मिळते.

नद्यांनी दिलेली माणसे

शिलाहारांनंतर अनेक राजवटी आल्या आणि गेल्या. नांदणी आणि कोल्हापूर येथील भट्टारक पीठांनी या दीर्घ काळात धर्मपरंपरा सांभाळली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस नव्या शिक्षणाचे वारे वाहू लागले आणि १८९९ मध्ये स्तवनिधी येथे दक्षिण महाराष्ट्र जैन सभेची स्थापना झाली. त्यानंतरच्या पिढ्यांत या खोऱ्याने जी माणसे दिली, त्यांचे केवळ स्मरण केले तरी मन भरून येते.

कृष्णा-पंचगंगेच्या संगमावरील कुरुंदवाडने अण्णासाहेब लठ्ठे दिले. १८७८ मध्ये जन्मलेले अण्णासाहेब सभेच्या आद्य शिल्पकारांपैकी एक. पुढे ते कोल्हापूर संस्थानचे दिवाण झाले आणि १९३७ च्या मुंबई मंत्रिमंडळात अर्थमंत्री. वारणेकाठच्या ऐतवडे बुद्रुकच्या पाटील घराण्यातील भाऊरावांचा जन्म १८८७ मध्ये कुंभोजला, बाहुबलीच्या डोंगराच्या परिसरात झाला. १९१९ मध्ये रयत शिक्षण संस्था स्थापन करून कर्मवीरांनी बहुजनांच्या दारात शाळा नेली. त्याच कुंभोजच्या डोंगरावर १९३४ मध्ये समंतभद्र महाराजांच्या प्रेरणेने बाहुबली ब्रह्मचर्याश्रम सुरू झाला आणि १९६३ मध्ये तेथे २८ फूट उंचीची भगवान बाहुबलींची मूर्ती उभी राहिली. दूधगंगेकाठच्या सदलगा या गावाने तर समाजाला दोन रत्ने दिली : प्राकृत विद्येचे जगन्मान्य पंडित डॉ. आ. ने. उपाध्ये (जन्म १९०६) आणि आचार्य विद्यासागर महाराज (जन्म १९४६, समाधी २०२४). एकाच्या हातात हस्तलिखिते, दुसऱ्याच्या हातात पिंछी-कमंडलू. पाणी मात्र दोघांनी एकाच नदीचे प्यायले.

चारित्रचक्रवर्ती आचार्य शांतिसागर महाराजांचे भोज हे गाव दूधगंगा-वेदगंगेच्या संगमाजवळ वसलेले आहे. महाराजांचा जन्म १८७२ चा. गृहस्थाश्रमात ते सातगौंडा पाटील म्हणून ओळखले जात. त्यांच्या चरित्रकारांनी दोन प्रसंग नोंदविले आहेत. पहिला असा की, मुनी आदिसागर महाराजांना नदी पार करावयाची असे, तेव्हा हा बलदंड तरुण त्यांना खांद्यावर घेऊन पाण्यातून पैलतीरी नेत असे. दुसरा प्रसंग शेतावरचा. पिकावर पाखरे उतरली तर सातगौंडा त्यांना हाकलत नसत. उलट त्यांच्यासाठी पाणी भरून ठेवत. शेजाऱ्यांना ही रीत वेडेपणाची वाटली असेल. परंतु शेती करणाऱ्याने अहिंसा कशी पाळावी, या जुन्या प्रश्नाला या खोऱ्यातील एका शेतकऱ्याने आपल्या बांधावर दिलेले ते उत्तर होते. आपल्या ताटात येणाऱ्या धान्यात इतर जीवांचाही वाटा आहे, हे त्यांनी न बोलता सांगितले.

पाणी अडविण्याची कोल्हापुरी रीत

आधुनिक काळात या खोऱ्याच्या पाण्याचा सर्वांत दूरदृष्टीने विचार केला तो राजर्षी शाहू महाराजांनी. भोगावती नदीवर राधानगरीचे धरण बांधण्याचे काम त्यांनी विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात हाती घेतले. १९२२ मध्ये महाराजांचे निधन झाले. धरण स्वातंत्र्यानंतर पूर्णत्वास गेले. पाणी विशिष्ट पातळीला पोहोचले की आपोआप उघडणारे त्याचे सात दरवाजे आजही कौतुकाचा विषय आहेत.

या संस्थानच्या नावाने ओळखला जाणारा कोल्हापूर पद्धतीचा बंधारा तर सर्वदूर गेला. त्याची रचना साधी आहे. नदीच्या पात्रात दगडी खांब उभे करायचे. पावसाळा सरला की खांबांच्या खाचांत लाकडी बर्गे बसवून पाणी अडवायचे. पावसाळा जवळ आला की बर्गे काढून नदीला मोकळी वाट द्यायची. नदी मंदावली असताना तिच्याजवळून घ्यावे आणि ती भरून आली की तिला जाऊ द्यावे, हे शहाणपण त्या बंधाऱ्यात आहे. त्यावर सहकारी पाणीपुरवठा संस्था उभ्या राहिल्या, मोटा गेल्या, यंत्रे आली, माळरान हिरवे झाले, साखर कारखाने निघाले. आपल्या समाजातील कित्येक घरांच्या कौलारू छपरांवर स्लॅब पडली, मुले शिकली, मुली शिकल्या. ज्या देणग्यांतून आपल्या संस्था उभ्या राहिल्या, त्यांचा उगम पुष्कळदा याच पाण्यात आहे. हे ऋण मोकळ्या मनाने मान्य केले पाहिजे.

माप सुटले तेव्हा

परंतु नंतर कोठेतरी माप सुटले. हे लिहिताना लेखणी जड होते, तरी लिहिलेच पाहिजे. कारण स्मरणिकेत केवळ गौरवच असावा असे नाही, आत्मपरीक्षणही असावे. आपल्या धर्मात त्याला प्रतिक्रमण म्हणतात.

पहिली गोष्ट जमिनीची. शिरोळ, मिरज, वाळवा या भागांतील काळी जमीन पाणी धरून ठेवणारी आहे. तिला बारमाही पाटाने पाणी देत गेलो. खालची पाण्याची पातळी वर आली, तिच्याबरोबर क्षार वर आले आणि एकेकाळी सोने पिकविणाऱ्या शेतांवर पांढरा थर दिसू लागला. जमीन चोपण झाली. पाण्याच्या तुटवड्याने शेती गेल्याचे आपण ऐकत आलो होतो. येथे ती पाण्याच्या अतिरेकाने गेली. जमिनीखाली सच्छिद्र नळ्या टाकून निचरा करण्याचे काम शिरोळ तालुक्यात सहकाराच्या माध्यमातून सुरू झाले आणि कित्येक एकर जमीन पुन्हा लागवडीखाली आली, ही समाधानाची बाब होय. परंतु जे मुळात बिघडायला नको होते, ते दुरुस्त करण्यास किती कष्ट पडतात, हेही त्यातून कळले.

दुसरी गोष्ट पाण्याच्या शुद्धतेची. पंचगंगेत शहरांचे सांडपाणी, उद्योगांचे दूषित पाणी आणि शेतांतून वाहून येणारी खते-औषधे मिसळत गेली. तिच्यात मेलेल्या माशांचा खच पडल्याच्या बातम्या आपण वाचल्या आहेत. २०१२ मध्ये इचलकरंजीत काविळीची मोठी साथ आली आणि माणसे दगावली. न्यायालयांना लक्ष घालावे लागले. ज्या समाजाच्या शास्त्रांत पाण्याला 'अप्काय' म्हटले आहे, पाणी हेच ज्याचे शरीर आहे असे जीव जो मानतो, त्याला हे दृश्य पाहून अस्वस्थ वाटू नये काय?

तिसरी गोष्ट महापुराची. नदीला पूर येणे नवे नाही. नृसिंहवाडीला पुराचे पाणी पादुकांवरून वाहते तेव्हा लोक दक्षिणद्वार सोहळा म्हणून त्यात स्नान करतात. पुराचेही स्वागत करणारी ही संस्कृती आहे. परंतु २००५, २०१९ आणि २०२१ चे पूर वेगळे होते. २०१९ च्या ऑगस्टमध्ये सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांवर गेले, कोल्हापूरच्या राजाराम बंधाऱ्यावर ५५ फुटांवर. शिरोळ तालुक्यातील गावेच्या गावे वेढली गेली. ब्रह्मनाळला बोट उलटून माणसे बुडाली. घाटमाथ्यावर थोड्या दिवसांत कोसळलेला प्रचंड पाऊस, धरणांतून सोडलेले पाणी, सपाट प्रदेशात मंदावणारा प्रवाह आणि नदीच्या पूरक्षेत्रात झालेली बांधकामे, अशी त्याची अनेक कारणे तज्ज्ञांनी सांगितली. त्यांतील पाऊस आपल्या हाती नाही. परंतु नदीच्या हक्काच्या जागेत भराव टाकून भिंती उभारणे तर आपल्या हाती होते.

त्या दिवसांत माणुसकीचेही दर्शन घडले. अनेक गावांत बस्त्यांच्या धर्मशाळा, बोर्डिंगे, मंगल कार्यालये पूरग्रस्तांसाठी उघडली गेली. जात-धर्म न विचारता पंगती बसल्या. गंडसमुद्राच्या तीरावर तीन देवालये एकत्र उभी होती, त्याची आठवण देणारे ते दिवस होते. मात्र संकटात दिसलेली ती बुद्धी पाणी ओसरल्यावरही टिकली पाहिजे.

जिवाणी

आमच्या लहानपणी घरात पाणी गाळण्याचा एक नेम होता. नदीवरून किंवा विहिरीवरून आणलेले पाणी आजी दुहेरी जाड कापडातून गाळत असे. गाळून झाले की तिचे काम संपत नसे. ते कापड उलटे करून ती गाळलेल्या पाण्याने हळूच धूत असे आणि ते पाणी, म्हणजे जिवाणी, ज्या पाणवठ्यावरून आणले त्याच पाणवठ्यावर परत सोडण्यासाठी वेगळे ठेवत असे. विहिरीचे विहिरीत, नदीचे नदीत. आम्हा मुलांना हा खटाटोप व्यर्थ वाटे. "एवढ्याशा पाण्याचे काय?" असे आम्ही विचारले, की ती म्हणे, "त्यांचं घर तिथं आहे रे बाबा."

आज नळ आले, शुद्धीकरणाची यंत्रे आली, ती रीत बहुतेक घरांतून गेली. परंतु तिच्यातील अर्थ जाऊ देणे आपल्याला परवडणारे नाही. आपल्या आजीने नदीला जे परत दिले ते शुद्ध होते, जपून दिलेले होते. आज आपण नदीला काय परत देतो? आचार्य समंतभद्रांनी 'रत्नकरण्ड श्रावकाचार' या ग्रंथात अनर्थदंडाचे विवेचन करताना निष्कारण भूमी खोदणे, निष्कारण पाणी सांडणे, निष्कारण वनस्पती तोडणे यांना प्रमादचर्या म्हटले आहे. पर्यावरण हा शब्द रूढ होण्यापूर्वी कित्येक शतके श्रावकाला घालून दिलेली ही मर्यादा आहे. ती आजच्या भाषेत सांगायची तर उसाला ठिबकने मोजून पाणी द्यावे, निर्माल्य आणि प्लास्टिक नदीत टाकू नये, सांडपाणी प्रक्रियेशिवाय सोडणाऱ्याला गावाने जाब विचारावा, आणि पूररेषेच्या आत बांधकामाचा मोह टाळावा, मग ते बांधकाम धार्मिक संस्थेचे असले तरीही. सुवर्णमहोत्सवी वर्षात प्रत्येक संस्थेने आपल्या आवारातील पावसाचे पाणी जिरविण्याचा आणि सांडपाण्याच्या निचऱ्याचा एकदा तरी हिशेब मांडावा. मंदिराच्या जमाखर्चाइतकाच तो महत्त्वाचा आहे.

बंधुभगिनींनो, नऊशे वर्षांपूर्वी या खोऱ्यातील एका राजाने तलाव खोदला, व्यापाऱ्यांनी मालातील वाटा दिला, श्रावकांनी काठीने मोजून जमीन दिली आणि दगडावर ते लिहून ठेवले. ते दगड अद्याप बोलतात. पुढच्या पिढीसाठी आपण कोणता लेख मागे ठेवणार आहोत? आपल्या हाती त्या पूर्वजांचीच मोजणीची काठी आहे. त्यांनी तिने दान मोजले. आपण तिने आपले घेणे मोजावे. एवढे झाले तर शंभराव्या वर्षाची स्मरणिका लिहिणाऱ्याला पंचगंगेच्या काठी उभे राहून ओंजळभर पाणी उचलता येईल आणि ते निःशंकपणे तोंडाला लावता येईल.